बहिऱ्या मावशीचे संवाद

माझी माय नांदुऱ्याच्या एका कापसाच्या जिनात रेच्यावर काम करायची. रेचा म्हणजे सरकीपासून रुई वेगळी करणारं यंत्र. पत्र्याच्या लांबच लांब शेडमध्ये ही यंत्रं समोरासमोर दोन ओळींत मांडलेली असत आणि प्रत्येकापुढं एक बाई उभी असे. दिवाळी झाली की कापसाच्या बैलगाड्या जिनाच्या फाटकाशी लागायच्या, आणि तेव्हापासून उन्हाळा लागेपर्यंत माय सकाळच्या भोंग्याला आत जायची आणि संध्याकाळच्या भोंग्याला बाहेर यायची. केसांत, भुवयांत, पापण्यांवर रुईचे तंतू घेऊन ती घरी आली की म्हातारी झाल्यासारखी दिसे. तोंड धुतलं की परत तरणी. मला ते पाहायला आवडायचं.

माझे वडील मी चालायला लागलो त्याच सुमारास वारले. मला ते आठवत नाहीत. घरात माय, माझ्याहून चार वर्षांनी मोठा असलेला दादा आणि मी.

शेडमध्ये शेजारच्या बाईनं कानाशी येऊन ओरडलं तरी ऐकू येत नसे, म्हणून तिथल्या बाया हातवाऱ्यांनी बोलत. मायचे कान कधी गेले ते कुणालाच नेमकं सांगता येणार नाही. आधी ती म्हणायची, "कानात रातकिडे बसले माह्या." मग ती दारावरची थाप ऐकेनाशी झाली. मी चौथी-पाचवीत असेन तेव्हा तिला मोठ्यानं बोललेलं निम्मं कळे आणि निम्मं ती आपल्या मनानं जुळवून घेई.

या जुळवण्यातून गमती होत. एकदा दादा दारातून ओरडला, "माय, पाव्हणे आले!" माय आतून म्हणाली, "फुटाने आनले? मंग ठेव डब्यात, मुंग्या लागतीन." पाव्हणे दारातच उभे होते. ते हसले, आम्ही हसलो, आणि दादानं हातवारे करून समजावल्यावर माय आमच्यापेक्षा जास्त हसली. ऐकू न येण्याची तिला तेव्हा लाज नव्हती. मान उजवीकडं कलती करून, पदर कानामागं सारून, तिथंच हात धरून ती विचारायची, "काय म्हन्लं?" एकदा नाही कळलं तर दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा. दुकानदार वैतागला तरी ती हटत नसे. "तुह्या तोंडाले काय झालं बे? सांग ना जोरानं," असं उलट त्यालाच म्हणायची.

मलकापूरला माझे मामा राहत. धान्याच्या बाजारात ते मापाड्याचं काम करत. मायपेक्षा बरेच लहान. त्यांची आई लवकर गेली म्हणून मायनंच त्यांना वाढवलेलं. मामा यायचे ते न सांगता, पॅसेंजरनं. ते आले की मायचं एक ठरलेलं होतं. आधी चुलीवर चहा चढवायची, मग पेटीतली फुलांची चादर काढून दोन्ही हातांनी तीनदा झटकायची, बाजेवर अंथरायची, आणि चादरीवर सुरकुती राहिलेली नाही हे तळहात फिरवून पाहायची.

मी सातवीत असतानाची गोष्ट. मे महिना. दुपारी मलकापूरहून एक अनोळखी माणूस आला. डोक्याला उपरणं गुंडाळलेलं, पाय धुळीनं भरलेले. दारात उभा राहून तो मायला म्हणाला, "बाई, तुमचा भाऊ गेला."

माय उठलीच. "भाऊ आला? कुठी हाय? स्टेशनावर?"

त्यानं परत सांगितलं, "गेला, बाई. ऊन लागलं काल बाजारात."

पण माय ऐकायच्या पलीकडं गेली होती. तिनं चुलीत काड्या सारल्या, चहाचं भांडं चढवलं, पेटी उघडली, चादर काढली. एकदा झटकली, दोनदा झटकली, तीनदा झटकली. मला म्हणाली, "पायतं काय बे? जाय, मामाची पिशवी घेऊन ये. थकला असंन तो." आणि ती चादरीवरून तळहात फिरवू लागली.

मी हसलो. का हसलो ते मला आजवर सांगता आलेलं नाही. मामा गेले हे मला कळलं होतं. मामांवर माझा जीव होता. पण तो माणूस तोंड उघडं टाकून उभा, चहाला आधण आलेलं, माय चादर सारखी करतेय, आणि माझ्या पोटातून हसू वर आलं ते मला अडवता आलं नाही. दादानं भिंतीकडं तोंड फिरवलं होतं. त्याचे खांदे हलत होते. तो रडतोय असं मला वाटलं.

मायनं माझ्याकडं पाहिलं, आणि तीही हसली. मामा आले म्हणून पोराला आनंद झाला असं तिला वाटलं.

शेवटी तो माणूस आत आला, त्यानं चुलीवरचं भांडं उतरवलं, त्यातला चहा अंगणात ओतला आणि रिकामं भांडं जमिनीवर पालथं घातलं. मायनं त्या भांड्याकडं पाहिलं, त्याच्याकडं पाहिलं. मग तिला कळलं.

एवढंच. पुढं आमच्या घरात यावर कधी कुणी बोललं नाही.

मी मॅट्रिक झालो, खामगावला दोन वर्षं कॉलेजात काढली. तिथल्या स्नेहसंमेलनात मी वीस मिनिटांची एक नाटिका लिहिली. तिच्यात एक बहिरी म्हातारी होती आणि तिच्या तोंडी पाव्हण्या-फुटाण्यांची ती गंमत होती. मंडपातली पोरं बाकांवर उभी राहून हसली. तोवर मला कुणी ओळखत नव्हतं, दुसऱ्या दिवशी प्राध्यापक थांबवून बोलू लागले. माणसं हसली की आपण कुणीतरी होतो, हे मला तिथं समजलं.

नंतर परीक्षा देऊन मी मुंबईला सरकारी कचेरीत कारकून म्हणून लागलो. दादा नांदुऱ्यातच राहिला. तो जिनात रुईच्या गाठी बांधणाऱ्या प्रेसवर कामाला होता. मायचं काम त्यानं सोडवलं होतं, पण तोवर तिच्या कानांत काही उरलं नव्हतं. माझं लग्न झालं, मुलगी झाली, दोन खोल्यांचं क्वार्टर मिळालं. कचेरीतून आल्यावर मी रेडिओसाठी छोटी प्रहसनं लिहायचो. चार घेतली जायची, सहा परत यायची.

मुंबईत टीव्ही येऊन दोन-तीन वर्षं झाली होती. त्या वेळी तिथल्या एका निर्मात्यानं माझं रेडिओवरचं प्रहसन ऐकलं आणि मला बोलावून घेतलं. त्याला दर आठवड्याला पंधरा मिनिटांची कौटुंबिक विनोदी मालिका हवी होती. नवरा, बायको, दोन मुलं. "आणि यांच्यात एक गडबड करणारं माणूस हवं," तो म्हणाला. "कोण असेल?"

मी क्षणभरही विचार न करता म्हणालो, "बायकोची मावशी. वऱ्हाडातली. बहिरी."

"वऱ्हाडी बोलणारी?" त्याचे डोळे चमकले. "म्हणजे ते मले-तुले? वा! लोक नुसती भाषा ऐकूनच हसतील."

त्याचं म्हणणं खरं ठरलं. मी स्वतः मुंबईत आल्यावर सहा महिन्यांत 'मले' टाकून 'मला' म्हणायला शिकलो होतो, कारण कचेरीत पहिल्या दिवशी मी "मले साहेबांनी बोलावलं का?" असं विचारल्यावर अख्खी शाखा हसली होती. आता तेच हसू मी पानांवर उतरवून देत होतो.

मावशीचं काम करणारी नटी पुण्याची होती, रंगभूमीवर मुरलेली, साठीच्या जवळची. आम्ही सगळे त्यांना बाई म्हणत असू. वऱ्हाडी त्यांना येत नव्हतं. मी शब्द म्हणून दाखवायचो, त्या वहीत लिहून घ्यायच्या. मान कशी कलती करायची, पदर कानामागं कसा सारायचा, हे मीच करून दाखवलं. दोन तालमींत त्यांनी ते असं उचललं की मला त्यांच्याकडं पाहवेना. पाहत मात्र राहिलो.

त्या काळी रेकॉर्डिंग सलग करावं लागे. पंधरा मिनिटांत कुणी एक शब्द अडखळला तरी पहिल्यापासून सुरुवात. दिव्यांच्या उष्णतेनं चेहऱ्यावरचा रंग वितळायचा. मी पडद्यामागं कागद घेऊन उभा राहायचो. कॅमेरा चालवणारा माणूस मावशीच्या वाक्याला हसू दाबतोय असं दिसलं की आठवडा पार पडला असं समजायचो.

मालिका चालली, जोरात चालली. कचेरीत साहेब मला खुर्ची देऊ लागले. चुकीचं ऐकण्याचा विनोद लिहिण्यात माझा हात बसला. त्याची एक युक्ती आहे. चुकून ऐकू आलेला शब्द ऐकणाऱ्याच्या रोजच्या काळजीतला हवा. पाव्हणे म्हटल्यावर माझ्या मायला फुटाणेच ऐकू आले, कारण घरातल्या मूठभर फुटाण्यांना मुंग्या लागतील हा घोर तिला होता. ही युक्ती मी नव्या लेखकांना पुढं शिकवलीही. कुठून शिकलो ते मात्र सांगितलं नाही.

पाच-सहा महिन्यांनी माझ्याजवळचं सगळं संपलं. शेजारणीचे, दुकानदाराचे, देवळातले सगळे प्रसंग लिहून झाले. निर्मात्यानं दोन भाग परत केले. "मावशी थकली का हो?" त्यानं विचारलं. मी घरी आलो, टेबलाशी बसलो आणि मामांचा भाग लिहिला.

अर्थात तसाच नाही. मालिकेत कुणी मरून चालणार नव्हतं. म्हणून मी असं केलं: तार येते की मावशीचा भाऊ गेला. घरातले रडवेले होऊन मावशीला सांगतात, "मामा गेले!" मावशी ऐकते, "मामा आले!" आणि चहा चढवते. चादर काढते, तीनदा झटकते, अंथरते, तळहात फिरवते. तिला सांगायचं कसं यावरून घरात धांदल उडते. शेवटी दार वाजतं आणि मामा खरेच उभे. तार दुसऱ्याच कुणाची होती, चुकून इथं आली होती. मामा चादरीवर बसतात आणि म्हणतात, "वा, चहा तयारच आहे!"

निर्माता वाचताना डोळे पुसत हसला. तालमीत बाईंनी चादर एकदाच झटकली. मी म्हणालो, "तीनदा. आणि नंतर असा तळहात." मी करून दाखवलं.

बाईंनी माझ्याकडं निरखून पाहिलं. "हे कुणाचं पाहिलंत तुम्ही?"

"गावाकडं एक बाई होती," मी म्हणालो.

योगायोग असा की त्याच सुमारास दादा मायला घेऊन मुंबईला आला. मीच बोलावलं होतं. मुंबईत कानांचे मोठे डॉक्टर आहेत, कानात घालायचं यंत्र मिळतं, असं मी पत्रात लिहिलं होतं. आठवड्याभरानंतरची वेळ मिळाली होती. तोवर माय आमच्या खिडकीत बसून खालची रहदारी पाहायची. आवाज नसलेली ती गर्दी पाहून ती म्हणायची, "केवढी माणसं बापा, अन् कोनी बोलून नाही राह्यलं."

शनिवारी मामांचा भाग होता. आमच्या घरी टीव्ही नव्हता, शेजाऱ्यांकडं होता. शेजारीण सकाळीच सांगून गेली, "आज तुमच्या आईंना पुढं बसवायचं. लेकाचं कौतुक पाहू दे त्यांना." बायकोनं माझ्याकडं पाहिलं. तिला त्या भागात काय आहे ते ठाऊक होतं, मूळचं ठाऊक नव्हतं. मला नाही म्हणता आलं असतं. डोकं दुखतंय म्हणालो असतो तरी चाललं असतं. पण मी मनात म्हणालो, तिला ऐकू कुठं येतं? तिला काय कळणार?

शेजाऱ्यांच्या खोलीत वीस-पंचवीस माणसं होती. मायला पुढं खुर्ची दिली. दादा दाराशी उभा राहिला. भाग सुरू झाला आणि पहिल्या वाक्यापासून खोली हसू लागली.

माय हसत नव्हती, पाहत होती. ऐकू येत नसलेलं माणूस जसं पाहतं तसं, डोळे न मिटता. पडद्यावर बाईंनी मान कलती केली, पदर कानामागं सारला. मायचा हात आपोआप स्वतःच्या कानाशी गेला आणि तिथंच थांबला. चहा चढला. पेटी उघडली. चादर एकदा झटकली, दोनदा झटकली, तीनदा झटकली. बाई बाजेवरून तळहात फिरवू लागल्या. खोलीत माणसं एकमेकांच्या अंगावर पडत होती. कुणीतरी माझ्या पाठीवर थाप मारली.

माय मागं वळली. आधी तिनं मला शोधलं, मग हसणाऱ्या एकेका तोंडाकडं पाहत गेली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. काहीतरी मोजून पाहत असावी तसा तो चेहरा होता. मग ती परत पडद्याकडं वळली. तेवढ्यात दार उघडून मामा आत आले, चादरीवर बसले, त्यांनी कप तोंडाला लावला.

माय मोठ्यानं म्हणाली, "हिचा भाऊ आला."

बहिऱ्या माणसाला आपला आवाज केवढा लागतो ते कळत नाही. सगळ्या खोलीला ते ऐकू गेलं. लोकांना वाटलं, आजींनी काहीतरी भलतंच ऐकलं, आणि ते आणखी हसले. शेजारीण म्हणाली, "अगदी तुमच्या मावशीसारख्याच आहेत हो!"

मी दाराकडं पाहिलं. दादा निघून गेला होता.

डॉक्टरांनी मायचे कान तपासले. आतली नस मेलेली आहे, यंत्राचा फारसा उपयोग नाही, असं ते म्हणाले. माय परत जायला निघाली. निघायच्या आधीच्या दोन दिवसांत ती माझ्याशी नीट वागली, नातीला तेल लावलं, बायकोला ज्वारीच्या पिठाची धिरडी करून घातली. एकच बदल झाला होता, आणि तो माझ्या लक्षात आला नाही, बायकोच्या आला. "आई आता 'काय म्हन्लं' म्हणून विचारत नाहीत," ती म्हणाली. "आपण काहीही बोललो की होकाराची मान हलवतात. हाव म्हणतात."

मी म्हणालो, दमली असेल.

दादाच्या पत्रांतही ते येऊ लागलं. माय सगळ्याले हाव म्हणते. जेवली का विचारलं की हाव, आणि नंतर कळतं जेवलीच नाही. दुकानदारानं भलतंच काही दिलं तरी हाव म्हणून घेऊन येते. आधी भांडायची, आता भांडत नाही.

वर्षभरानं दादाचं पत्र आलं की मायचं पोट दुखतं. गावातल्या डॉक्टरकडं तो तिला घेऊन गेला होता. पण प्रेसवर सुट्टी मिळत नसल्यानं पुढच्या दोन खेपांना ती एकटीच गेली. डॉक्टर भला माणूस होता. त्यानं विचारलं, औषधानं फरक पडला का? माय म्हणाली, हाव. जेवण जातं का? हाव. दुखणं कमी आहे का? हाव. त्यानं त्याच गोळ्या परत दिल्या. दादानं घरी विचारलं, डॉक्टर काय म्हणाला? हाव.

ती उभीच राहीना तेव्हा दादानं तिला मोठ्या दवाखान्यात नेलं. तिथं पोटात गाठ निघाली. फार मोठी झालेली. घरी न्या, म्हणाले.

दादाची तार आली त्या दिवशी मी आधी टीव्ही केंद्रावर गेलो. निर्मात्याला म्हणालो, "मावशीला मालिकेतून काढू या. गावी पाठवू."

तो समजूतदारपणे म्हणाला, "तुमची आई आजारी आहे, जा तुम्ही. पण मावशी काढली तर उरतं काय हो? लोक नवरा-बायकोला पाहतात का? जाताना दोन भाग लिहून पाठवा म्हणजे झालं."

मी मान हलवली. आणि कागद बॅगेत घालून निघालो. नाही म्हणालो नाही, हे इथं लिहून ठेवतो.

नांदुऱ्याला माय बाजेवर होती. एवढीशी झाली होती. मला पाहून तिनं हात वर केला, माझ्या गालावरून फिरवला.  मी आठ दिवस तिथं होतो. चौथ्या दिवशी दुपारी ती झोपली असताना मी ओसरीत बसून लिहायला घेतलं. दादा जिनातून जेवायला आला. माझ्यासमोर उभा राहिला.

"काय लिहून राह्यला?"

मी सांगितलं.

त्यानं कागद उचलला. वाचला. दोन पानं वाचून झाल्यावर त्याच्या तोंडावर हसू आलं, आणि ते आल्याचं कळताच त्यानं कागद खाली ठेवला.

"चांगलं लिह्यतं तू," तो म्हणाला.

मी पेनाचं टोपण लावलं.

"तो माणूस आला होता ना मलकापूरहून, मामा गेले तवा. तू हासला होता."

"हो."

"मीबी हासलो होतो. भिताडाकडं तोंड करून." त्यानं कागद माझ्याकडं सारला. "पन मी ते कोनाले इकलं नाही."

एवढं बोलून तो आत गेला. आपल्या हातानं वाढून घेऊन जेवला, आणि भोंगा व्हायच्या आत परत गेला. आवाज चढवला नाही. त्यानं मला मारलं असतं तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी घरात कुणी नव्हतं. मी मायच्या बाजेशी बसलो. तिला वाचता येत नव्हतं, नाहीतर लिहून दिलं असतं. मी तिच्या कानाशी तोंड नेलं आणि ओरडलो, "माय, चुकलं माह्यं." वीस वर्षांत पहिल्यांदा माझ्या तोंडून 'माह्यं' निघालं.

"हाव," माय म्हणाली.

"तो मामाचा भाग मी लिहायला नको होता."

"हाव."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मग माझ्यातल्या त्या दुसऱ्या माणसानं, जो दर आठवड्याला पंधरा मिनिटं लिहायचा, एक गोष्ट केली. मी त्याच आवाजात, तसंच तोंड करून ओरडलो, "माय, कोंबडी पोथी वाचते का?"

"हाव," माय म्हणाली, आणि माझ्या हातावर थोपटलं.

मी उठून परसात गेलो. 

मी मुंबईला परतल्यावर नवव्या दिवशी ती गेली. मी पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. तेरावं झालं. दादा माझ्याशी कामापुरतं बोलला.

मावशी आणखी सात-आठ महिने चालली. मी लिहीत राहिलो. आता विनोद सुचायला जास्त वेळ लागत नसे, उलट लवकर सुचत. एके दिवशी तालीम संपल्यावर बाईंनी मला बाजूला घेतलं. त्यांना माझी आई गेल्याचं कुणीतरी सांगितलं होतं.

"त्या बहिऱ्या होत्या?" त्यांनी विचारलं.

मी हो म्हणालो.

त्या खुर्चीत बसल्या. मावशीचा पांढऱ्या केसांचा टोप त्यांच्या मांडीवर होता. तो त्या बोटांनी विंचरत राहिल्या. "मला सांगायला हवं होतंत," त्या म्हणाल्या. "काम मी केलंच असतं. पण तीनदा झटकली नसती."

पुढच्या आठवड्यापासून बाईंनी कानाशी हात नेणं सोडलं. तो हात त्या नुसता मांडीवर ठेवत. निर्मात्यानं दोनदा आठवण केली, त्या हो म्हणाल्या आणि तसंच करत राहिल्या. लोक हसायचे, पण जरा कमी. 

मग केंद्रावर नवे अधिकारी आले. त्यांना शैक्षणिक कार्यक्रम हवे होते. दोन ओळींचं पत्र आलं: मालिका या महिन्याअखेर थांबवण्यात येत आहे, सहकार्याबद्दल आभार. ते पत्र वाचून मला सुटल्यासारखं वाटलं, आणि त्याच संध्याकाळी कुणीही मला ओळख देणार नाही याची भीतीही वाटली. दोन्ही खरं होतं. नंतर मी दोन मालिका लिहिल्या. एकीत विसरभोळा मास्तर होता, दुसरीत तोतरा वकील. दोन्ही पडल्या. निर्माते मला नमस्कार करून पुढं जाऊ लागले. मी चाळिशीत होतो. माझ्याकडं दुसरा विनोद नव्हता.

तोवर बायकोही मुंबईला कंटाळली होती. मी बदलीसाठी अर्ज केला. वर्षभरानं बुलढाण्याच्या कचेरीत जागा मिळाली. तिथं मी निवृत्तीपर्यंत जावक रजिस्टर सांभाळलं. कचेरीत कुणाला माझ्या लिहिण्याचा पत्ता नव्हता आणि मी तो लागू दिला नाही. माझं बोलणं हळूहळू परत मले-तुलेवर आलं. मुलीला त्याची लाज वाटायची. ती मैत्रिणींसमोर मला बोलू देत नसे.

बदलीच्या वेळी आम्ही मलकापूरला उतरलो, तिथून पुढं बुलढाण्याची एसटी. मी दादाला पत्र टाकलं होतं, पण तो येईल असं धरलं नव्हतं. गाडी थांबली तेव्हा तो फलाटावर होता. प्रेसवर त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं गेली होती, हे मला तेव्हा पहिल्यांदा दिसलं. त्यानं कधी कळवलं नव्हतं. त्यानं माझ्या मुलीच्या डोक्यावर तोच हात ठेवला, सामानाकडं पाहिलं.

"एवढंच हाय का?" त्यानं विचारलं.

"एवढंच," मी म्हणालो.

त्यानं जड पेटी डाव्या हातानं उचलली आणि एसटी स्टँडच्या दिशेनं चालू लागला. आम्ही त्याच्या मागं निघालो.